गयाबाईंचं वाळूचं कपाट

आत्याबाई, परवा तुमच्या पुण्यानुमोदनाला घर माणसांनी भरून गेलं होतं. वंदना झाली, पंगती उठल्या, आणि नांदेडकडचे एक दूरचे पाहुणे हात पुसत पुसत तुमच्या खोलीत शिरले. कपाटासमोर थांबले. एक पुस्तक काढून बघितलं, ठेवलं, दुसरं काढलं. मग माझ्याकडे वळून म्हणाले, "तुम्ही शाळेवर आहात ना बाई? लय वाचन दिसतंय तुमचं."

"माझी नाहीत ती," मी म्हटलं. "सासूबाईंची आहेत."

त्यांनी भिंतीवरच्या तुमच्या फोटोकडे बघितलं, परत पुस्तकांकडे बघितलं. "पण त्या तर वाळूवर कामाला होत्या म्हणे?"

"हो. म्हणूनच."

त्यांना काही उलगडा झाला नाही. मान हलवून ते बाहेर गेले. जेवण झालेल्या पाहुण्याला उभ्या उभ्या सांगून संपेल अशी ती गोष्ट नव्हती. तेव्हापासून मात्र ती माझ्या मनात घोळते आहे, आणि दुसऱ्या कुणाला सांगण्याआधी ती एकदा तुम्हालाच सांगावी असं वाटतंय. चुकलं तिथं तुम्ही थांबवलं असतं. आता मलाच जपून सांगावी लागेल.

मी या घरात आले तेव्हा तुम्ही घाटावर जायचं थांबवून वर्ष झालं होतं. बावीस वर्षं तुम्ही नदीतली वाळू घमेल्यानं काढून ट्रॅक्टरात आणि ट्रकात भरली होती. मिलिंद दोन वर्षांचा असताना त्याचे वडील गेले. जमीन नव्हती. नदी होती. डोक्यावर चुंबळ, चुंबळीवर घमेलं, आणि गुडघाभर पाण्यातून काठापर्यंतच्या खेपा. त्या खेपांवर मिलिंद शिकला, रेल्वेत लागला, आणि पहिल्या पगारानंतर त्यानं तुमचं घमेलं उचलून माळ्यावर टाकलं. हे सगळं मला लग्नाआधी सांगितलं होतं. पण सांगितलेलं वेगळं आणि तुम्ही माझ्या हातात पहिल्यांदा बांगड्या भरताना तुमचा तळवा माझ्या बोटांना लागला ते वेगळं. परभणीत दोन खोल्यांच्या घरात वाढलेली, डी.एड. झालेली मुलगी मी. तुम्ही माझ्या शिक्षणाला बिचकत होता आणि मी तुमच्या गप्प राहण्याला. पहिले सहा महिने आपण दोघी एकमेकींना फक्त "जेवलात का" आणि "जेवलीस का" एवढंच विचारत होतो.

मग ती गाडी चुकली.

तुम्ही पूर्णेला दवाखान्यात गेला होता. परत यायला स्टेशनवर आलात आणि चुडाव्याला जाणारी गाडी समजून हिंगोलीकडच्या गाडीत बसलात. वसमतला उतरवलं कुणीतरी. दिवेलागणीला घरी आलात, पिशवी ठेवली, पाणीसुद्धा न पिता माझ्यासमोर बसलात.

"पोरी, मला पाटी वाचायला शिकव."

"शिकवते की. उद्यापासून सुरू करू. आधी तुमचं नाव लिहू."

"नाव मला ठावं हाय. त्ये काहून लिवायचं?" तुम्ही थोडा विचार केलात. "वाळू लिव."

मी शाळेतल्या पोरांना 'ग' आणि 'म' पासून शिकवत असे. तुम्हाला 'व', त्याला काना, आणि 'ळ' पासून शिकवावं लागलं. 'ळ' मोठ्या माणसांनाही छळतो. तुम्ही तो बघितला आणि हसलात. "ह्यो तर दोन घमेली शेजारी ठेवल्यागत दिसायलाय." त्या दिवसानंतर तुमचा 'ळ' कधी चुकला नाही. काना, वेलांटी, मात्रा चुकत राहिल्या, शेवटपर्यंत चुकल्या. 'ळ' कधीच नाही.

चार महिन्यांनी तुम्ही पूर्णा स्टेशनच्या फलाटावर उभ्या राहून मोठ्यानं पाटी वाचलीत. आजूबाजूचे लोक बघायला लागले. मला लाज वाटली होती, आत्याबाई. आज ती लाज आठवून लाज वाटते.

पहिलं पुस्तक ताडकळसच्या बाजारातलं. माझी शाळा तिथंच, आणि बाजाराच्या दिवशी शाळा सुटल्यावर मी भाजी घेऊन येत असे. एक म्हातारा पोत्यावर जुनी पुस्तकं मांडून बसायचा. त्यात पाठ फाटलेलं एक शाळेचं भूगोलाचं पुस्तक होतं. चाळताना एका पानावर वाळवंटाचं चित्र दिसलं आणि त्याखाली मोठ्या अक्षरात 'वाळू' हा शब्द. म्हटलं, एवढा एक शब्द तरी वाचतील. तुम्ही ते घेतलंत आणि तीन दिवस सोडलं नाहीत. चौथ्या दिवशी मी भाकरी थापत असताना चुलीपाशी आलात.

"ह्ये खरं हाय? नजर पोचंल तिथपत्तर वाळू?"

"खरं आहे. राजस्थानात आहे. परदेशात तर अजून मोठी वाळवंटं आहेत."

"आन् न्यायला कोनी न्हाई?"

मी हसले. तुम्ही हसला नाहीत. तुम्हाला खरंच कळत नव्हतं की एवढी वाळू असून तिथं एकही ट्रक कसा नाही. मग मी माझ्या शाळेतल्या गुरुजींना विचारून आले आणि तुम्हाला सांगितलं की वाळवंटातली वाळू वाऱ्यानं घासून गोल झालेली असते, ती सिमेंटला नीट धरत नाही. तुम्ही मान डोलावलीत. "बराबर हाय. वाळूला कड पायजे. गुळगुळीत मानूस आन् गुळगुळीत वाळू, दोन्ही कामाची न्हाईत."

तिथून ते वेड लागलं. मी कुठंही गेले की तुमचं एकच, "वाळूचं काही असलं तर आन." बांधकाम शिकणाऱ्या मुलांचं एक जाडजूड पुस्तक आणलं. त्यात वाळू कशी पारखायची ते लिहिलं होतं, तळहातावर चोळायची, माती किती लागते ते बघायचं. ते वाचून तुम्ही एवढ्या खूश झालात की शेजारच्या काशीबाईंना हाक मारलीत. काशीबाई तुमच्या जोडीच्या, बावीस वर्षं तुमच्या मागोमाग घमेलं घेऊन चाललेल्या. "काशे, आपलं काम लिवलंय बग पुस्तकात! आपन रोज करत व्हतो त्ये शिकायला पोरं कालेजात जायलेत." काशीबाईंनी पुस्तक उलटंसुलटं करून बघितलं आणि विचारलं, "आपली नावं हायत का?" तुम्ही म्हणालात, "न्हाई. आपलं कोनी लिवलं न्हाई."

नदीच्या पात्रात टरबुजाच्या वाड्या कशा लावायच्या ते सांगणारी एक पातळ पुस्तिका आली. समुद्रकाठच्या खेकड्याची लहान मुलांची गोष्ट आली. वाळूच्या ढिगात प्रेत सापडतं अशी एक रहस्यकथा आली, ती तुम्ही दोनदा वाचलीत आणि दोन्ही वेळा म्हणालात की लिहिणाऱ्यानं कधी वाळू उकरलेली नाही, कोरड्या वाळूत खड्डा टिकतच नाही. एक कवितासंग्रह आणला, नावात वाळू होती. तो तुम्ही रागारागानं परत दिलात. "नाव वाळूचं आन् आत नुसतं रडगाणं. खामखा फसवायलेत लोकायला." तरी फेकून दिला नाहीत. खालच्या कप्प्यात, मागच्या बाजूला ठेवलात.

रेल्वेतून निवृत्त झालेले रहीमचाचा मिलिंदला भेटायला यायचे. त्यांना तुमचा नाद कळल्यावर त्यांनी त्यांच्याकडचं एक जुनं उर्दू पुस्तक आणून दिलं, वाळवंटातून जाणाऱ्या एका काफिल्याची कहाणी. दोन दुपारी बसून त्यांनी ती तुम्हाला वाचून, समजावून सांगितली. पुस्तक ते तुमच्याकडेच ठेवून गेले. मी म्हटलं, "तुम्हाला वाचता येत नाही, मग कपाटात कशाला?" तुम्ही म्हणालात, "मला वाचता येत न्हाई म्हनून आतली वाळू कमी झाली का?"

कपाट मिलिंदनं पूर्णेतून जुनं घेतलं होतं, काचेच्या दाराचं. काच वाळूपासून करतात हे तुम्ही तोवर वाचलेलं होतं. "म्हंजी कपाटबी ह्यातच आलं," म्हणत तुम्ही दार चार वेळा उघडून लावून बघितलंत.

आणि ते फराळाचं पुस्तक! त्यावरून आपलं भांडण अजून संपलेलं नाही. त्यात फुटाणे आणि लाह्या तापलेल्या वाळूत भाजतात असं एका पानावर लिहिलेलं, तेवढ्यावर तुम्ही ते कपाटात घातलंत. मी म्हटलं, आत्याबाई, हे स्वयंपाकाचं पुस्तक आहे, स्वयंपाकघरात ठेवू. तुम्ही म्हणालात, वाळूशिवाय फुटाना फुलत न्हाई. मी ते काढून फळीवर ठेवायची, तुम्ही परत नेऊन कपाटात ठेवायच्या. पाच-सहा वर्षं ते पुस्तक घरात इकडून तिकडे फिरत होतं. एकदा मिलिंद वैतागून म्हणाला, "दोन प्रती आणू का?" तर आपण दोघी त्याच्यावरच उखडलो. आज ते कपाटात आहे. मी ठेवलेलं नाही. तुम्ही गेलात त्या दिवशी ते तिथं होतं, एवढंच. मी काढणार नाही. पण तुमचं म्हणणं मला पटलंय असंही समजू नका.

आता जे सांगायला मी एवढा वेळ फिरून फिरून येते आहे ते.

त्या वर्षी विहीर आटली. गावाला पाणी देणारी नदीकाठची विहीर माघ संपता संपताच तळाला गेली. टँकर यायचा तो एक दिवसाआड. मी शाळेतून आले, पाळी लावून दोन हंडे घेतले आणि अंगणात पाय घसरून एक हंडा सांडला. आत तुमची नात सुजाता तापानं फणफणत होती, तिचं अंग पुसायला घरात तांब्याभर पाणी नव्हतं. तुम्ही ओट्यावर बसून तुरीची डाळ निवडत होता. तुम्ही काही बोललासुद्धा नव्हता. आणि मी म्हणाले, "पाणी येणार कुठून? नदीत काही ठेवलंत का तुम्ही? सगळी नदी तर घमेल्यानं वाहून दिलीत."

तुमचे हात सुपात थांबले. "व्हय," तुम्ही म्हणालात. एवढंच. सूप बाजूला ठेवलंत, पदर सावरलात आणि विहाराच्या पायऱ्यांवर जाऊन बसलात. दुसऱ्या दिवशी सकाळी रोजच्यासारखा चहाचा कप माझ्या हातात दिलात. मी तेव्हाच बोलायला हवं होतं. तुम्ही मान वर केली असती तर बोलले असते, असं मी पुढं कित्येक वर्षं स्वतःला सांगत आले. पण मान वर करायचं काम तुमचं नव्हतं.

तीन दिवसांनी तुम्हीच मला हाक मारलीत. "पोरी, वाळू नेल्यावर पानी कुठं जातंय, त्ये कुठं लिवलंय का बग."

मी परभणीला जाऊन शोधलं. जमिनीखालच्या पाण्यावरचं एक पुस्तक मिळालं, नवशिक्यांना समजेल असं, चित्रांचं. तुम्हाला ते अवघड गेलं. एकेक पान दोन-दोन दिवस. मी शेजारी बसून शब्द फोडून देत असे. मधोमध एक प्रयोग होता. घराच्या डागडुजीला आणलेली थोडी वाळू कोपऱ्यात पडलेली होती, ती कोरडी करून आपण एका तांब्यात गच्च भरली आणि दुसऱ्या तांब्यानं हळूहळू पाणी ओतत गेलो. वाळूनं भरलेल्या, वरून बघता कणभर जागा नसलेल्या त्या तांब्यात पाणी जातच राहिलं. तिसरा हिस्सा तरी मावलं.

तुम्ही तांब्याकडे बघत बसलात. मग बोटं मोजलीत.

"म्हंजी तीन घमेल्यांमागं एक घमेलं पानी मी डोक्यावर नेलं."

"आत्याबाई, तसं नाही..."

"तसंच हाय. लिवलंय की हितं." आणि पान उलटलंत. "पुडं वाच."

त्या क्षणी मला तुमचे पाय धरावेसे वाटले. धरले नाहीत. पुढचं पान वाचलं.

दिवाळीच्या आधी ग्रामसभा होती. घाटाच्या लिलावाला गावाची शिफारस द्यायची की नाही, हा विषय. दरवर्षी तो दोन मिनिटांत उरकत असे. तुम्ही काशीबाईंना घेऊन गेलात, मागच्या रांगेत बसलात, पुस्तक पदराखाली. विषय निघाला तशा उभ्या राहिलात. पुढच्या खुर्चीवरचे एक जण, ज्यांचे दोन ट्रॅक्टर घाटावर चालायचे, ते मागे वळून म्हणाले, "गयाबाई, तुमची हयात वाळूवर गेली. तुमच्या लेकाचं शिक्षण वाळूवर झालं. आता आमच्या लेकरायच्या टायमाला नदी आठवली व्हय?"

सभेत हशा झाला. मी दारात उभी होते. माझे कान तापले, कारण ते जे बोलले ते मी आधीच घरात बोलून बसले होते.

तुम्ही हसणं थांबेपर्यंत थांबलात. "खरं हाय तुमचं, भाऊ. माझ्या लेकाला ह्या नदीनं शिकिवलं. लोक खाल्ल्या घरचे वासे मोजतेत. म्या मोजले न्हाईत, काढूनच नेले. किती व्हते त्ये मला ठावं हाय, म्हनून सांगायलेय. आता एखादा तरी ऱ्हाऊ द्या."

मग चष्मा लावलात आणि पुस्तक उघडलंत. पावसाचं पाणी वाळूत कसं थांबतं, तिथून काठाच्या विहिरीत कसं सावकाश उतरतं, एवढ्याच सहा-सात ओळी. तुम्हाला त्या वाचायला किती वेळ लागला! एका शब्दावर अडलात, मागं गेलात, परत सुरुवात केलीत. कुणीतरी "बास की आता" म्हणाला. सरपंचबाईंनी हात वर केला, "वाचू द्या त्यायला." आणि सगळी सभा तुमच्या बोटामागोमाग ती ओळ संपण्याची वाट बघत राहिली. बावीस वर्षं ज्यांनी तुम्हाला वाळू भरताना बघितलं होतं, त्यांनी तुम्हाला वाचताना पहिल्यांदा बघितलं.

सगळी नदी वाचली नाही. पाण्याच्या विहिरीपासून वरच्या वळणापर्यंतचा तुकडा सोडायचा ठराव झाला, आणि तोही हातघाईवर येऊन. खालच्या बाजूला काम चालूच राहिलं. मी नाराज झाले होते. तुम्ही म्हणालात, "सबूर कर. मी एका दिवसात रिकामी केली नव्हती, एका दिवसात भरनार न्हाई." त्या तुकड्यावर तुम्ही आणि काशीबाई रोज सकाळी फिरून यायच्या. पहिल्या पुरानंतर वीतभर वाळू साठली. दुसऱ्या वर्षीच्या पुरानं त्यातली थोडी नेली, थोडी आणली. विहिरीला गेल्या वर्षी होळीपर्यंत पाणी राहिलं, यंदा चैत्र लागला तरी आहे.

ट्रॅक्टरवाले भाऊ वर्षभर आपल्या घराशी बोलले नाहीत. तुमच्या अंत्यविधीला लाकडं त्यांच्याच ट्रॅक्टरातून आली. कुणी सांगितलं नव्हतं. उतरवून झाल्यावर ते मिलिंदला म्हणाले, "मावशी लय खरं बोलली होती." आणि बाजूला जाऊन उभे राहिले.

मिलिंदच्या पासवर आपण कोकणात गेलो होतो, ते तुमचं शेवटचं मोठं सुख. खेकड्याच्या पुस्तकातला समुद्र तुम्हाला बघायचा होता. लाटेनं पायाखालची वाळू ओढली तेव्हा तुम्ही माझा दंड घट्ट धरलात. "पोरी, ही तर आपल्याआपच चाललीय!" पुढची लाट आली, वाळू परत आली. तुम्ही खाली वाकून मूठ भरलीत. मला वाटलं घरी न्यायची असेल, मी पिशवी पुढे केली. तुम्ही मूठ उघडून ती तिथंच सोडलीत. "नगं. नेली तेवढी पुरे झाली." आणि मग लहान पोरीसारख्या तासभर त्या पाण्यात उभ्या राहिलात.

तुम्ही गेल्यावर मी कपाट आवरायला घेतलं. पुस्तकं एकेक काढून पुसत होते. पाण्याच्या पुस्तकाच्या शेजारी एक शंभर पानी वही होती, कव्हर घातलेली, इतर पुस्तकांसारखीच उभी लावलेली. लपवलेली नव्हती. ओळीत होती. मी ती बघितली कशी नाही इतके दिवस, कोण जाणे. सुजातानं तुम्हाला कव्हर घालून दिलं होतं म्हणे. "आजी म्हणाली होती, हेही वाळूचंच पुस्तक आहे," ती म्हणाली.

सहाच पानं लिहिली आहेत तुम्ही. मोठं, वाकडं अक्षर. पहिल्या दिवशी पहिलं घमेलं पायावर सांडलं ते. हिवाळ्यात सकाळी पाणी कसं चावायचं ते. मिलिंदला काठावर लिंबाखाली झोळीत ठेवायच्या आणि प्रत्येक खेपेला झोका द्यायच्या ते. मी वाचत गेले. सहाव्या पानावर शेवटी लिहिलंय:

"सून बोल्ली ते खरं हाय. पन आर्द. बाकीचं आर्द कोनी इचारलं न्हाई."

आत्याबाई, ते मी पुन्हा मोठ्यानं वाचलं.

मी विचारायला हवं होतं. तुम्ही वाहिलेली वाळू गेली कुठं, हे मी कधीच विचारलं नाही. ज्या शाळेत मी शिकवते तिच्या भिंतीत ती असेल. विहाराच्या त्याच पायऱ्यांत असेल जिथं तुम्ही त्या दिवशी जाऊन बसलात. परभणीच्या आमच्या दोन खोल्यांत, जिथं मी अभ्यास करून तुम्हाला बोल लावण्याइतकी शहाणी झाले, तिथंही ह्याच नदीची असेल. नदी रिकामी करणारे हात तुमचे होते; घरं बांधून आत राहणारे आम्ही सगळे होतो. हे मला पुस्तकातून कळायला हवं होतं, मी शिकलेली होते. ते तुम्ही तुमच्या वाकड्या अक्षरात तीन वाक्यांत सांगून गेलात, आणि तेही माझं अर्धं खरं मान्य करून. माझं चुकलं, आत्याबाई. हे तुम्ही चहाचा कप दिलात त्या सकाळीच म्हणायचं होतं.

मिलिंदचं आणि माझं ठरलंय. कपाट विहारातल्या खोलीत ठेवायचं, सगळ्यांना वाचायला. फराळाच्या पुस्तकासकट. उर्दू पुस्तकही तिथंच; रहीमचाचांच्या नातीनं महिन्यातून एकदा येऊन वाचून दाखवायचं कबूल केलंय. वही तेवढी अजून माझ्याकडे आहे, कारण तिची पानं शिल्लक आहेत. मी काशीबाईंना विचारलं, "तुम्ही सांगाल का? मी लिहून घेते." त्या म्हणाल्या, "सांगते की. पन घरात बसून न्हाई. चल, जागा दाखवते."

म्हणून काल सकाळी आम्ही दोघी नदीवर गेलो, ठरावातल्या त्या तुकड्यावर. वळणाच्या आतल्या बाजूला वाळू आता मांडीपर्यंत आहे. काशीबाई दाखवत होत्या, ट्रक कुठं उभे राहायचे, तुम्ही कुठून उतरायच्या, डबा कुठं ठेवायच्या. मी उभ्या उभ्या लिहीत होते. ऊन चढलं. मी म्हटलं, बाटली आणायची राहिली, परत जाऊ या.

"कशाला?" काशीबाई म्हणाल्या. चप्पल काढली, खाली बसल्या आणि दोन्ही हातांनी वाळू उकरायला लागल्या. "आमी कामावर असताना बाटल्या कुठं व्हत्या? पान्याला वाळूत झिरा खांदायचो. मग वाळू गेली, झिरे गेले. तू आलीस तवा काहीच नव्हतं."

कोपरापर्यंत हात गेला तशी वाळू ओली झाली. आणखी थोडं उकरल्यावर खालून पाणी पाझरायला लागलं, गढूळ, मातकट. मी ओंजळ पुढे केली. त्यांनी माझा हात मागे सारला. "दम धर. पैलं पानी काढून टाकायचं असतंय." त्यांनी ते ओंजळीनं उपसून बाजूला टाकलं. परत भरलं, परत उपसलं. तिसऱ्यांदा पाणी आलं ते स्वच्छ होतं, तळाची वाळू कण न् कण दिसत होती.

आम्ही दोघी प्यालो. गार होतं. काशीबाईंनी खड्ड्यात हात घालून खोली मोजली, ओला हात लुगड्याला पुसला आणि मला म्हणाल्या, "लिव. औंदा कोपरावर लागलं. फुडल्या साली वीतभरावर लागंल."